मलिदा बेटाची राजकन्या

मी बोलतोय... की बोलतेय? फोटो म्हणून मी 'तो', पण माझ्यातली बाई 'ती'. गोंधळ इथूनच सुरू होतो.

माझा जन्म हॉलिवूडचा, १९३८ सालचा. वेरा लिंडन असं पडद्यावरचं नाव घेतलेल्या नव्या नटीनं माझ्या पाठीवर पेन्सिलीनं एक ओळ लिहिली. ती मला पोस्टात टाकणार, तोच स्टुडिओचा प्रसिद्धीवाला आला.

"हे काय?" एका शब्दावर बोट ठेवून त्यानं विचारलं.

"मलिदा," ती गडबडून म्हणाली. "आमच्या घरचं."

त्याला वाटलं, गावाचं नाव! त्या ओळीवरच त्यानं कागद डकवला: 'मलिदा बेटाची राजकन्या'.

पुढे मी लंडनच्या एका वर्तमानपत्राकडे आलो. दर काही वर्षांनी पाठीवर नवा कागद. युद्धात 'खानदानी इंग्लिश लेक', नंतर 'पडद्यावरची प्रेमळ आई', शेवटी 'एके काळची तारका'. चेहरा तोच, हसू तेच. मग मी नक्की कुणाचा फोटो?

गेल्या वर्षी लंडनजवळच्या क्रॉयडनच्या जुन्या बाजारात टालिया नावाच्या मुलीनं, घरच्या जुन्या फोटोतला चेहरा ओळखीचा वाटून, मला उचललं. लायब्ररीत कोकणातून आलेल्या बेने इस्रायली ज्यूंवर प्रदर्शन होतं; त्यात तिला मला खऱ्या नावानं लावायचं होतं. तिनं मला आजीसमोर, ईवासमोर धरलं.

"आजी, हा बाई तुझा मावशी ना? सिपोरा नवगावकर?"

"हा नाही गं, ही! आणि माझी कुणी नाही ती. नवस फेडला की माझी आजी हिच्या वाटणीचे गोड पोहे झाकून ठेवायची. जन्मभर! हिनं एक ओळ तरी पाठवली? आमचं नाव लावू नकोस तिला."

केटलच्या वाफेवर धरून टालिया माझ्या पाठीवरचे कागद सोडवू लागली. तारका गेली, आई गेली, इंग्लिश लेक गेली. मी घाबरलो. खाली कुणीच नसलं तर?

"प्रिन्सेस ऑफ मलिदा आयलंड," टालियानं वाचलं.

"बेट कसलं, मेल्यांनो!" ईवाआजी कडाडली. "नवसाचे गोड पोहे ते!"

तो कागदही निघाला.

"आजी, मराठी आहे. मला वाचता येत नाही."

ईवाआजीनं चष्मा लावला.

"आई, माझ्या वाटणीचा मलिदा ठेव. येतेच. तुझी सिपोरा."

तिनं मला उलटवून चेहऱ्याकडे पाहिलं. "ठेवला होता गं," ती मलाच म्हणाली. "दर वेळी."

आता मी प्रदर्शनात आहे, ईवाआजीच्या हट्टानं पाठ बाहेर करून. खाली नाव सिपोरा नवगावकर. लोक विचारतात, चेहरा कुठाय? मी बोलतोय की बोलतेय, मला अजूनही कळत नाही. पण तुम्ही आलात तर आधी ती ओळ वाचा. सत्याऐंशी वर्षं ती पोस्टात पडायची राहिली होती.