म्युरिएलचा पांढरा टोप

“हलू नकोस गं! हललीस तर भुवईला डिंक लागेल.” इडाचा तो खरखरीत आवाज अजून माझ्या जाळीत अडकून आहे.

मी एक जुना केसांचा टोप आहे, मित्रांनो. पांढराशुभ्र, मागे अंबाडा घातलेला. लंडनच्या एका पोटमाळ्यावर इडाने बारीक आकडीने एकेक केस गुंफून मला घडवलं, ते म्युरिएल पास्को या सिनेमानटीसाठी. तिचे स्वतःचे केस तेव्हा तांबूस, दाट होते. पण दिग्दर्शकांना तिच्यात म्हातारीच दिसे.

मग काय! ऐन तारुण्यात ती कुणाची आजी झाली, कुणाची घरमालकीण, कुणाची पडद्याआडून डोकावणारी शेजारीण. सिनेमाच्या शेवटी तिचं नाव हवालदाराच्याही खाली येई, तोवर लोक उठून कोट घालत असत. पुढे टीव्ही आला. एकदा बसमध्ये एक बाई तिला म्हणाली, “काल त्या आजीचे केस किती खरे वाटत होते, नाही?” म्युरिएल हसली. तिच्या मांडीवरच्या खोक्यात मी फुशारलो. ती मात्र एक थांबा आधीच उतरली.

इडा तर कौतुकाचं अवाक्षर काढत नसे. काम संपलं की मला उतरवायची आणि म्हणायची, “चल, चहा निवतोय.”

वर्षं सरली. म्युरिएलचे केस पिकले, मी खोक्यात पडलो, कसरीने माझा अंबाडा कुरतडला. मित्रांनो, आम्हांला अधूनमधून विंचरा, वारा द्या. आमच्यात कुणाचे तरी खरे केस असतात.

मग म्हातारपणी तिला मुख्य काम मिळालं. तरुण दिग्दर्शिकेने बजावलं, “टोप नको. तुमचेच केस हवेत.” म्युरिएलचं धाबं दणाणलं. मला खोक्यासकट घेऊन ती स्टुडिओत आली, सोबतीला थकलेली इडा.

“इडा, चढव ना हा. नाहीतर मी घरी जाते.”

“वेडी का खुळी तू?”

“लोकांनी यालाच पाहिलं गं. मला कुणी पाहिलंय?”

इडाने खोक्याचं झाकण लावलं. मी अंधारातून ऐकत राहिलो.

“मी पाहिलंय, बये. कॅमेऱ्यामागे उभी राहून दर वेळी रडलेय. तेव्हा सांगितलं असतं तर तुझ्या डोक्यात हवा गेली असती, अन् टोप बसला नसता. आता टोप नाही, म्हणून सांगते. तुझ्यासारखी नटी मी दुसरी पाहिली नाही. ऊठ आता.”