तुलारामांच्या आवाजाची फाइल

मी एक जुनी फाइल आहे. फाइल म्हटल्याबरोबर तुमच्या घरातली मोठी माणसं दचकली असतील. पण मित्रांनो, मी कचेरीतली नव्हे. मला लाल फीत नाही आणि माझ्यासाठी कुणाला चारदा चकरा माराव्या लागत नाहीत. मी संगणकातली फाइल आहे. आमच्या जातीला लायब्ररी म्हणतात. आमच्यात एकही पुस्तक नसतं, हे आधीच सांगून टाकते.

तुमच्या गावात पंगतीचे मोठे गंज, म्हणजे पातेली, एकाच घरी ठेवतात ना? लग्न कुणाचंही असो, गंज तिथूनच नेतात. आमचंही तसंच. एकेक काम शिकून आम्ही एका जागी बसून राहतो आणि ज्या प्रोग्रामला गरज पडेल तो हाक मारतो. माझं काम आवाजाचं. जुन्या चित्रफितींत आवाज दाबून, गच्च बांधून ठेवत. त्याची गाठ सोडून तो मोकळा करायचा, एवढंच मला येतं.

मला लिहिणारी माणसं दूरदेशीची. ती एकमेकांना कधी भेटली नाहीत. एकाने मला लिहिलं, दुसऱ्याने त्याच्या चुका काढल्या, तिसऱ्याने दुसऱ्याच्या. अशा प्रेमळ वातावरणात मी वाढले.

पुढे मी अड्याळला आले. पवनीत फोटो स्टुडिओ चालवणाऱ्या भूपेंद्रने एका जुन्या संगणकाचा मीडिया सर्व्हर केला, म्हणजे घरातल्या सगळ्या चित्रफिती त्या डब्यात ठेवायच्या आणि टीव्हीवर हवी ती बघायची. तो डबा त्याने अड्याळच्या घनश्यामभाऊंच्या घरी बसवला. पासवर्ड विसरू नये म्हणून तो कागदावर लिहून डब्याच्याच पाठीला चिकटवला.

सुरुवातीला माझी फार चलती होती. बारसं, साक्षगंध, लग्न, सगळीकडे मीच. मग नवे मोबाइल आले, त्यांच्या आवाजासाठी नव्या फायली आल्या. मला वर्षातून एकदाच हाक येऊ लागली, मंडईच्या दिवशी.

दिवाळी झाली की आमच्याकडे गावोगाव मंडई नावाची जत्रा भरते आणि लेकीबाळी माहेरी येतात. त्या दिवशी जेवणं झाली की घनश्यामभाऊंच्या घरी एकच चित्रफीत लागते. त्यांचे वडील तुलाराम दंडारीत, म्हणजे गावच्या नाचगाण्याच्या खेळात, नाचताहेत आणि गाताहेत. तुलाराम जाऊन बारा वर्षं झाली. मूळ कॅसेट बुरशीने खाल्ली. त्यांचा आवाज आता त्या एका चित्रफितीत होता, आणि तो सोडवणारी मी.

यंदा दिवाळीच्या सफाईत घनश्यामभाऊ डब्याकडे वळले. डबा म्हणत होता, जागा उरली नाही. उरणार कशी? नव्या ट्रॅक्टरच्या पूजेच्या पंधरा चित्रफिती होत्या. त्या भाऊंना दिसल्या नाहीत, मी दिसले. माझ्या नावाच्या तीन फायली होत्या. खरी मी एकच. उरलेल्या दोन नुसत्या पाट्या, 'ती पलीकडे राहते' असं सांगणाऱ्या. त्यांना वजन नाही. भाऊंनी विचार केला, तीन कशाला? मग ज्या जागा खात नाहीत त्या दोन ठेवल्या आणि मला कचरापेटीत टाकलं. जन्मभर धान उपणलेल्या माणसाने फोल ठेवलं आणि दाणा फेकला. डब्याने विचारलं, नक्की? भाऊ सगळ्यालाच हो म्हणतात. कचरापेटीही रिकामी करणार होते, तेवढ्यात चहा आला.

मंडईच्या दुपारी आसगावहून उर्वशी, म्हणजे भाऊंची बहीण, आली. आई सुलोचनाबाई टीव्हीसमोर खाटेवर बसल्या. (कचरापेटीतून मला हे कसं दिसलं ते विचारू नका. आत्मवृत्त सांगणाऱ्या छत्रीला कुणी विचारत नाही.) तुलाराम पडद्यावर आले, हात वर करून तोंड उघडलं, आणि आवाजच नाही. नाचताहेत, गाताहेत, सगळं मुक्याने.

"जित्ता होता तवाबी घरात असाच राहे," सुलोचनाबाई म्हणाल्या.

सगळे हसले. भाऊंनी रिमोट तळहातावर आपटला. "टीव्हीच बिघडला वाटते, माय."

"तुह्या ट्रॅक्टरचा आवाज तं बराबर येऊन राहिला होता, दादा," उर्वशी म्हणाली. "आताच दोन डाव आयकवला तू."

भाऊंनी पवनीला फोन लावला. भूपेंद्रने पहिलाच प्रश्न विचारला, "घनश्यामभाऊ, काही डिलीट केलं का?"

"मी? मी कायले करू गा?"

"काहीच नाही?"

"हात नाही लावला बावा."

तोवर पडद्यावर गाणं संपत आलं होतं. सुलोचनाबाई हसायच्या थांबल्या. "राहू दे घनश्याम," त्या म्हणाल्या. "आवाज आठवते मले." मग खाटेवरून पुढे वाकून त्यांनी पडद्याकडे कान केला. "आठवते का नाही, तेच समजून नाही राहिलं. मघापासून आठवून राहिली. आपल्या भय्याजीचाच आवाज येते कानात."

भय्याजी म्हणजे शेजारचे, मोठ्याने बोलणारे. या वेळी कुणी हसलं नाही.

भाऊंनी फोन तोंडाजवळ घेतला. खोलीत सगळे होते; तरी ते मोठ्यानेच बोलले. "भूपेंद्र, मी फेकली एक फाइल. सफाईत. तीन होत्या सारख्या."

"मंग आधी काहून नाही सांगितलं?"

"लाज वाटली ना बावा."

"कचरापेटी उघडा. अजून हाये का त्यात?"

मी होतेच. मला उचलून जागेवर ठेवलं. दोन्ही पाट्यांनी पलीकडे बोट दाखवलं, तर तिथे खरोखरच कुणीतरी होतं. डबा बंद करून पुन्हा सुरू केला. मी गाठ सोडली.

आधी ढोलकी आली, मग खोकला, मग तुलारामांचा चढा, जरा फाटलेला सूर. मध्येच चित्रात तरुण सुलोचनाबाई पाण्याचा गडवा घेऊन येतात आणि नेमक्या कॅमेऱ्याच्या आड उभ्या राहतात. तुलाराम गाणं सोडून म्हणतात, "सुलोचना, बाजूले सरक ना वो. मी दिसून नाही राहिलो."

आणि खाटेवरच्या सुलोचनाबाई वीतभर बाजूला सरकल्या. दरवर्षी सरकतात. यंदाही सरकल्या.

मित्रांनो, सफाई जरूर करा. पण एखादी जुनी वस्तू फेकण्याआधी ती कुणाच्या कामाची आहे, एवढं घरात मोठ्याने विचारा. आणि विचारायचं राहून गेलं, तर कबूल करायला उशीर करू नका. घनश्यामभाऊ दोनदा नाही म्हणाले तोवर मी पेटीत होते, आणि त्यांची आई तिथे बसून एक आवाज शोधत होती.