कार्ड पुसताना

नखाएवढ्या त्या काळ्या मेमरी कार्डाच्या कोपऱ्याला बारीकसा चरा पडला होता, की उजेडच तसा पडला होता... तिनं ते खिडकीशी धरून पाहिलं. चराच. हातातल्या गेमयंत्रात तिनं ते पुन्हा सरकवलं, आणि नवा गेम भरताना मघासारखाच अर्ध्यावर येऊन थांबला: फाइल खराब आहे.

आता दादाला फोन करणं आलं. खरं तर सकाळपासून ती याचीच वाट पाहत होती, पण हे तिनं स्वतःशीही कबूल केलं नव्हतं. आई गेल्यापासून दोघांत विषय असा उरलाच नव्हता. 'जेवलीस का', 'हो', आणि मग त्याच्याकडच्या पंख्याची घरघर. पण यंत्र अडलं की दादा बोलतो. आईच्या आजारपणात त्यानंच ते उघडून, कंपनीची बंधनं काढून, तिच्या आवडीचे ठोकळ्यांचे जुने गेम त्यात भरले होते.

"कार्ड कोणत्या पद्धतीनं फॉरमॅट केलंयस?" त्यानं विचारलं.

"मला काय माहीत? तूच दिलेलं."

"मग त्यातच घोळ असणार. पुसून नव्यानं फॉरमॅट कर. पण आधी सगळं कॉम्प्युटरवर कॉपी करून घे." तो म्हणाला. "आईचे खेळ आहेत त्यात. अर्धे राहिलेले."

ती कॉपी करू लागली. खेळाडूच्या नावाच्या जागी आईनं स्वतःचं नाव घातलंच नव्हतं. नुसतं 'मी' लिहिलं होतं. मी... आणि त्या क्षणी मला कळेना, हा शब्द आता कोणाचा... आईनं कधी, कुठं स्वतःला असं म्हटल्याचं मला आठवेना.

"आहेस ना?" दादा म्हणाला.

"आहे."

तिनं कार्ड पुसलं, सगळं परत भरलं, नवा गेम लावला. पडद्यावरची गेम भरल्याची पट्टी अर्ध्यापुढे गेली, सरकत राहिली, आणि यंत्रानं काम झाल्याची छोटीशी धून वाजवली.

"झालं?"

"नाही रे. पुन्हा तेच."

धून त्याला ऐकू गेली असणार. न जायला काय झालं—फोन तर शेजारीच, स्पीकरवर... पलीकडून खुर्ची ओढल्याचा आवाज आला.

"बरं," तो म्हणाला. "पहिल्यापासून बघू. तुला घाई नाही ना?"

"नाही," ती म्हणाली. 'पुन्हा तेच' असं खोटं बोलल्याची शरम वाटायला हवी होती. तिनं त्या शरमेची वाट पाहिली. ती आली नाही. त्याऐवजी जे आलं त्याला काय म्हणावं, हे तिला ठरवता येईना.