खुंटीवरच्या काळ्या कोटाचा संशय

मित्रांनो, वकीलबाईंच्या कचेरीचे दार पूर्ण उघडले की त्यामागे एक खुंटी झाकली जाते. त्या खुंटीवर लटकणारा जुना काळा कोट तो मीच. माझी कोपरे झिजून चकाकू लागली आहेत, अस्तर जागोजागी विरले आहे आणि स्वभावाने मी अत्यंत संशयी आहे. हा दोष म्हणा वा गुण, तो मला जन्मापासून चिकटलेला आहे. तो कसा चिकटला आणि त्याने पुढे काय घोटाळा केला, ते मी आपणांस निवेदन करतो.

माझा जन्म एका अरुंद गल्लीतल्या शिंप्याच्या दुकानात झाला. वकिलीची सनद, म्हणजे न्यायालयात उभे राहून दुसऱ्याची बाजू मांडण्याचा परवाना, नुकतीच हाती पडलेली एक तरुणी कापड घेऊन आली. शिंप्याने तिला आपादमस्तक न्याहाळले आणि विचारले, "भावाचं माप आणलंय का?" कोट आपल्यालाच हवा आहे, असे तिने शांतपणे सांगितले. शिंप्याने मान डोलावली, माप घेतले. पण त्याच्या मनातली पाल काही चुकचुकायची थांबली नाही. उद्या ही बाई घरी बसली तर कोट निदान भावाच्या अंगावर चढावा, अशा विचाराने त्याने माझी बटणे पुरुषांच्या कोटाला असतात तशी उजव्या बाजूला लावली. ती तरुणी रागावली नाही. तिने आपल्या बोटांनाच उलट्या बाजूची सवय लावून घेतली. तात्पर्य, माझ्या पहिल्या टाक्यातच अविश्वासाचा दोरा ओवलेला होता.

पुढे त्या तरुणीच्या वकीलबाई झाल्या आणि आम्ही दोघे न्यायालयाच्या पायऱ्या झिजवू लागलो. तेथे माझ्या संशयाचे शिक्षण पूर्ण झाले. शपथ घेताना घसा खाकरणारा साक्षीदार, रडताना बोटांच्या फटीतून पाहणारी फिर्यादी, सगळे मी जवळून पाहिले. विशेषतः ज्याचे उत्तर प्रश्न संपण्याआधीच तयार असे, त्याच्याकडे वकीलबाई हमखास वळून पाहत आणि त्यांच्यासोबत मीही वळत असे.

एकदा गोदामाच्या एका रखवालदारावर चोरीचा आळ आला. तो भला माणूस तोंडातून ब्र काढीना. समोरचे वकील म्हणाले की निर्दोष मनुष्य असा मूग गिळून बसेल काय? तेव्हा वकीलबाईंनी दोन्ही हातांनी माझी कॉलर धरली आणि न्यायाधीशांना सांगितले, "महाराज, गप्प बसणं म्हणजे कबुली नव्हे. गप्प बसायला माणसाकडे शंभर कारणं असतात." रखवालदार सुटला. त्या संध्याकाळी बाईंनी मला स्वतःच्या हाताने इस्त्री केली. ते वाक्य पुढे त्यांनी घरात इतक्या वेळा ऐकवले की त्यांचा मुलगा ते जेवताना त्यांच्याच आवाजात म्हणून दाखवी.

परंतु मित्रांनो, गौरव कोणाला पुरला आहे? बाईंनी नवा हलका कोट शिवला आणि मी खुंटीवर आलो. कचेरीतले वृद्ध कारकूनकाका आपली ओली छत्री माझ्याच खांद्यावर अडकवीत. दार उघडे असले की मला काहीच दिसत नसे, केवळ ऐकू येई. तरी एक मान शिल्लक होता. या घरातून जो कोणी वकील होईल त्याने शपथ घेताना मलाच अंगात घालायचे, असे बाईंनी ठरवून टाकले होते.

असे उमेदवार घरात दोन होते. एक बाईंचा मुलगा राजा आणि दुसरी त्यांच्या बहिणीची मुलगी, जी शिक्षणासाठी मावशीकडेच राहत असे. ती मुळातच कमी बोले, म्हणून राजाने तिचे नाव घुमी ठेवले होते. "घुमे, तू उभी राहिलीस की न्यायाधीश डुलकी काढतील," असे तो म्हणे. ती म्हणे, "काढू देत. जागे झाले की माझ्या बाजूने निकाल देतील." सनदेच्या परीक्षेत घुमी पूर्वी एकदा नापास झाली होती. राजा प्रथमच बसला होता, तरीही परीक्षेआधीच त्याने मला अंगात घालून आरशासमोर भाषण केले. त्यात माझ्या खांद्याची शिवण उसवली. घुमीने मला हातही लावला नाही, आणि हे मला तेव्हाच खटकले होते.

निकालाच्या दिवशी वकीलबाई न्यायालयात होत्या. निकाल ज्याचा त्यालाच, आपापल्या परवलीच्या शब्दाने संगणकावर दिसणार होता. दोघे कचेरीत आले आणि त्यांनी नेमके दार सताड उघडे टाकले. मी दारामागे कोंडलो. कळा दाबल्याचा आवाज आला, मग खुर्ची सरकली. त्यानंतर कोणीतरी हुंदका दाबला आणि कोणीतरी कुजबुजले, "आईला सांगू नकोस."

मित्रांनो, कुजबुजीला चेहरा नसतो. घुमी मावशीला कधीकधी आईच म्हणत असे, म्हणून शब्दांवरूनही काही ठरेना. पण लगेच राजा शीळ घालत बाहेर पडला आणि घुमी बराच वेळ नाक ओढत बसून राहिली. माझा निवाडा तयार झाला. घुमी पुन्हा नापास झाली होती.

संध्याकाळी बाईंनी निकालाचे विचारले. त्यांचा प्रश्न पुरा होण्याआधीच राजा म्हणाला की निकाल पुढे ढकलला आहे. घुमी खाली मान घालून फायलीची दोरी बांधत राहिली. ती गाठ तिने पुन्हा सोडली आणि पुन्हा बांधली. काहीतरी काळेबेरे आहे, हे बाईंच्याही नजरेतून सुटले नाही.

दुसऱ्या दिवशी कारकूनकाका बातमी घेऊन आले की समोरच्या कचेरीतल्या वकिलांचा पुतण्या पास झाला असून शपथेला येत्या सोमवारी जाणार आहे. राजाने तत्काळ सांगितले की त्यांच्या केंद्राचा लागला असेल, आमचा राहिला आहे. तो बाहेर गेल्यावर बाई काकांना म्हणाल्या, "पोराचं मन हळवं आहे. तिला पाठीशी घालतोय." काका म्हणाले की असेलही. मीही खुंटीवरून मनोमन दुजोरा दिला.

मग जे घडले त्याने माझा संशय पक्का केला. शनिवारी दुपारी कचेरी रिकामी असताना घुमी पावले न वाजवता आली, तिने मला खुंटीवरून उतरवले आणि पिशवीत कोंबले. वाटेत मी नाना तर्क केले. ही मला भंगारात देणार. किंवा त्याहून भयंकर, सनद नसतानाच मला घालून न्यायालयात शिरणार. पिशवी उघडली तेव्हा समोर माझा शिंपी होता, आता केस पिकलेला. घुमी त्याला म्हणाली की खांदा शिवा, अस्तर नवे लावा, बाह्या माझ्या मापाच्या करा. शिंप्याने विचारले, "बटणं इकडची तिकडे करू का? फार वर्षांपूर्वी माझ्याकडून चूक झाली होती."

"नको," घुमी म्हणाली. "मावशीने अशीच लावली."

हे बोलणे गोड होते, म्हणूनच मला ते अधिक संशयास्पद वाटले.

आम्ही परतलो तेव्हा वकीलबाई कचेरीत बसल्या होत्या. राजा खिडकीशी उभा होता आणि काका आपल्या जागेवर होते. रिकामी खुंटी सर्वांना दिसत होती. टेबलावर दोन टंकलिखित कागद होते. ते चारित्र्याचे दाखले होते. नवा वकील सचोटीचा आहे, असे एखाद्या ज्येष्ठ वकिलाने सहीनिशी लिहून दिल्याखेरीज सनद मिळत नाही. बाईंनी दोन्ही मुलांचे दाखले मोठ्या आशेने आधीच टंकून ठेवले होते. केवळ सही बाकी होती आणि ते देण्याची मुदत आजच संपत होती.

"पिशवीत काय आहे?" बाईंनी विचारले.

"कोट."

"कोणाला विचारून नेलास?"

घुमी गप्प राहिली.

"निकाल लागलाय ना?"

घुमी गप्प.

"नापास झालीस?"

तिने मला पिशवीतून काढून छातीशी धरले होते, पण उत्तर दिले नाही. बाईंचा आवाज चढला नाही, उलट उतरला. न्यायालयात तो असा उतरला की समोरचा खचला, हे मी जाणून होतो. त्या म्हणाल्या, "नापास झाल्याचं मला काही नाही. मीही झाले होते. पण राजाला खोटं बोलायला लावलंस, वर चोरून कोट नेलास. हिची सचोटी मला माहीत आहे, असं मी कशाच्या जोरावर लिहू? गप्प आहेस, म्हणजे मी हो समजते." आणि त्यांनी लेखणी उघडून घुमीच्या दाखल्यावर आडवी धरली. एक रेघ ओढली की पोरीचे वर्ष बुडणार होते.

त्या क्षणी मला एक गोष्ट जाणवली. कोट म्हणून मी माणसाला आतून ओळखतो. खोटे बोलणाऱ्याचा घाम मी बगलेत सोसला आहे, तळहाताचा ओलावा खिशात सोसला आहे. घुमीचे हात माझ्याभोवती होते आणि ते कोरडे होते. तिचे काळीज जोरात चालले होते, पण ते पळणाऱ्या माणसासारखे नव्हे, ओझे धरून उभ्या राहिलेल्या माणसासारखे. माझा निवाडा डळमळला. पण मला तोंड कुठे होते?

तोंड राजाला होते. खिडकीशी उभ्या राहिलेल्या राजाच्या तोंडून ते वाक्य आले, पण या वेळी ते त्याच्या स्वतःच्याच आवाजात होते. "आई, गप्प बसणं म्हणजे कबुली नव्हे."

लेखणी थांबली.

"ती पास झालीय. नापास मी झालोय. मीच म्हटलं होतं सांगू नकोस, मी सांगेन. ही माझ्यासाठी रडली आणि मी शीळ घालत सुटलो. रोज म्हणायचो, उद्या सांगतो."

 आता गप्प बसण्याची पाळी वकीलबाईंची होती. पुष्कळ वेळाने त्यांनी विचारले, "घुमे, एका शब्दाचं काम होतं. तोंड का उघडलं नाहीस?"

"माझं उत्तर दिलं असतं तर राजाचंही कळलं असतं. ते त्याने सांगायचं होतं." एवढे बोलून ती थांबली. मग हळूच म्हणाली, "आणि मावशी, पास झालीस का, असं तू विचारलंच नाहीस."

उत्तर आधीच तोंडात घालणारा प्रश्न आपल्या साक्षीदाराला विचारू नये, हे बाई आयुष्यभर इतरांना शिकवत आल्या होत्या. त्यांनी मान खाली घातली, दाखल्यावर सही केली आणि तो कागद काकांच्या हाती देऊन त्यांना ताबडतोब पिटाळले. मग त्या उठल्या. त्यांनी मला घुमीच्या अंगात घातले आणि उलट्या बाजूची बटणे एकेक करून लावली. बोटे मुळीच अडखळली नाहीत. डोळे मात्र अडखळत होते. राजाने दुसरा दाखला घडी करून खिशात ठेवला. बाईंनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि त्या म्हणाल्या की जपून ठेव, तारीख तेवढी बदलू.

सोमवारी घुमीचे नाव पुकारले गेले. तिने हात वर केला तेव्हा माझी नवी शिवण ताणली गेली, पण तुटली नाही. ज्या घुमीवर डुलकीची थट्टा होत असे, तिची शपथ मागच्या बाकापर्यंत स्पष्ट ऐकू गेली. राजा माझी पिशवी हातात घेऊन तेथेच बसला होता. हल्ली तो रोज पहाटे उठून अभ्यास करतो, असे सांगतो. मी अजून पूर्ण विश्वास ठेवलेला नाही; परंतु चौकशी केल्याशिवाय निवाडाही दिलेला नाही.

मित्रांनो, जुन्या कोटाची विनंती फार मोठी नाही. आम्हांला अधूनमधून सावलीत वारा द्या, खिसे रिकामे करा आणि आमच्या खांद्यावर ओली छत्री अडकवू नका. आणखी एक. दार सताड उघडे आहे म्हणजे सगळे दिसते आहे, असे कधीही समजू नका. एकदा दार लोटून त्याच्यामागे पाहत जा. तेथे कोणीतरी गप्प लटकलेले असते आणि त्याला कोणी काही विचारलेलेच नसते.