अण्णांचं नाक आणि रमचं पिंप

अण्णांचं नाक गेलं. म्हणजे होतं जागेवरच, चष्मा टेकवायला उपयोगीही पडत होतं, पण वासाच्या कामाचा त्याने राजीनामा दिला होता. निमित्त एका साध्या तापाचं. ताप उतरला, खोकला थांबला आणि जाता जाता दोघं मिळून वास घेऊन गेले. दुसऱ्या कोणी हे चारचौघांत सांगून टाकलं असतं, थोडी हळहळ करून घेतली असती आणि कामाला लागला असता. पण अण्णांची सगळी पत त्या नाकावर उभी होती.

अण्णा मूळचे चष्मेवाले. जन्मभर लोकांच्या डोळ्यांचे नंबर काढले, आता खालचं दुकान चालवायला दिलेलं आणि स्वतः वरच्या मजल्यावर लेकीबरोबर राहायचे. दर गुरुवारी दिवेलागणीला वरच्या खोलीत बैठक भरायची. टेलरमास्तर यायचे, बँकेतून निवृत्त झालेले कॅशियर यायचे आणि अलीकडे साहेबही येऊ लागले होते. साहेब कस्टममधले, लोकांच्या बॅगा उघडण्यात त्यांची हयात गेलेली. दर वेळी एकाने बाटली द्यायची, ती आदल्या दिवशीच अण्णांकडे पोचती करायची, आणि तीही सिंगल माल्ट व्हिस्कीचीच. ग्लासाचा तळ झाकेल एवढीच प्रत्येकाला. आणि नियम असा की अण्णा ग्लास नाकाशी नेऊन तीन वास सांगत नाहीत तोवर कोणी ओठ लावायचे नाहीत. अण्णा डोळे मिटून "मध" म्हणायचे. मग "जुनं लाकूड". तिसऱ्याला इतका वेळ लावायचे की मास्तर श्वास रोखून धरायचे.

बायको गेल्यापासून अण्णांचा आठवडा म्हणजे हा गुरुवार. बाकीचे दिवस जेवणं, औषधं आणि खिडकी. नाकाचं कळलं की मंडळी एकदोनदा समाचाराला येतील, मग कोणाला काम निघेल, कोणाचे गुडघे दुखतील, आणि या खुर्च्यांमध्ये आपण एकटेच उरू, हे त्यांना लख्ख दिसत होतं. म्हणून त्यांनी लेकीला हाताशी धरलं.

लेक औषधांच्या दुकानात फार्मासिस्ट. दारूच्या थेंबाला न शिवणारी, पण नाक थेट बापाचं उचललेलं. गुरुवारी दुपारीच ती बाटलीचं बूच काढून हुंगायची आणि अहवाल द्यायची. अडचण एवढीच की तिचं सगळं जग औषधांचं.

"बाबा, हे लहान मुलांच्या खोकल्याच्या औषधासारखं आहे."

"कुठल्या? केळ्याच्या की चेरीच्या?"

"केळ्याच्या. आणि मागून जखमेच्या चिकटपट्टीचा वास येतोय."

संध्याकाळी अण्णा डोळे मिटून सांगायचे, "पिकलेलं केळं. आणि लांबून, समुद्राकडून येतो तसा धूर." मास्तर मान डोलवत म्हणायचे, "अगदी समुद्र!" मास्तरांनी समुद्र फक्त कॅलेंडरवर पाहिला होता.

असं छान चाललं होतं. मग साहेबांनी दोन बाटल्या आणायचं ठरवलं. एकाच कारखान्याच्या, सारख्याच वयाच्या. एक साधी. दुसरी मात्र आधी नेहमीच्या पिंपात वाढलेली आणि शेवटचे काही महिने रमच्या रिकाम्या पिंपात मुक्कामाला गेलेली, म्हणजे व्हिस्कीच, पण रमचं बिऱ्हाड पाहून आलेली.

"अण्णा, ग्लास ओळखून दाखवायचा," साहेब म्हणाले. "ओतताना आम्ही कोणी बघणार नाही. तुमची परीक्षा घ्यायची नाही हं, मला शिकायचंय."

परीक्षा नाही म्हणणारा माणूस परीक्षाच घेत असतो हे अण्णांना ठाऊक होतं. पण मास्तर नि कॅशियर अशा अभिमानाने साहेबांकडे बघत होते की नाही म्हणायची सोयच उरली नाही.

बापलेकीने डोकं लढवलं. ग्लासांतला वास उडू नये म्हणून अण्णा त्यांवर झाकणं ठेवायचे, आणि ती झाकणं म्हणजे दुकानातली न कापलेली गोल भिंगं. लेकीने रमवाल्या ग्लासावर प्लसचं भिंग ठेवायचं, साध्यावर मायनसचं. ज्यातून तळ मोठा दिसेल ती रम, लहान दिसेल ती साधी. बाकीच्यांना दोन्ही भिंगं सारखीच काचेची चकती. शिवाय निकालासाठी म्हणून रमवाल्या ग्लासाच्या बुडाला चिकटपट्टीचा तुकडा. त्या रात्री अण्णा कितीतरी महिन्यांनी शांत झोपले.

गुरुवारी मंडळी वेळेआधीच हजर. साहेब मात्र चष्म्याविना आले. चष्म्यावर बसून त्याची दांडी मोडली होती, तो त्यांनी येता येता खाली दुकानात दुरुस्तीला टाकला होता. लेकीने आतून दोन ग्लास आणून टेबलावर ठेवले, मागोमाग बाटल्या आणून ती परत आत गेली. तेवढ्यात अण्णांना आठवलं की अशा प्रसंगाला आपण कोट घालतो. ते आत गेले, कोट घालून, केसांवर कंगवा फिरवून आले आणि खुर्चीत बसले.

एका ग्लासाच्या झाकणातून तळ मोठा दिसत होता. अण्णांनी घाई केली नाही. आधी दुसरा उचलला, झाकण सरकवलं, हुंगला, नाक मुरडलं.

"साधी. सरळमार्गी. लवकर उठणारी, लवकर झोपणारी."

मग त्यांनी मोठ्या तळाचा घेतला आणि डोळे मिटले.

"आता ही बघा. जळलेली साखर. पिकलेलं केळं. आणि..." मास्तरांनी श्वास रोखला. "आणि उन्हात तापलेल्या गोदीतलं ओलं लाकूड. व्हिस्की घरंदाज आहे, पण वाईट संगतीत राहून आलेली आहे. रमचं पिंप ते हेच!"

कॅशियरांनी टाळ्या वाजवल्या. अण्णांनी ऐटीत ग्लास वर धरून बूड दाखवलं.

बूड स्वच्छ होतं. चिकटपट्टी दुसऱ्या ग्लासाला होती.

पहिले सावरले ते मास्तर. त्यांनी अण्णांच्या हातातला ग्लास घेतला, त्यात जवळजवळ नाक बुडवलं आणि जाहीर केलं, "केळं आहे! चांगलं साल काळं पडलेलं केळं!"

"मग कारखान्यातच लेबलं उलटी लागली," कॅशियर म्हणाले. "अण्णा, कंपनीला कळवलं पाहिजे. तुमच्या नावाने."

"कारखान्यात कशी लागतील?" साहेब म्हणाले.

"मग काय, अण्णांचं नाक चुकलं म्हणता?" मास्तर उसळले.

"माझंच चुकलं," लेक दारातून म्हणाली. "ओतताना बाटल्यांची अदलाबदल झाली असेल माझ्याकडून."

अण्णांनी तिच्याकडे पाहिलं. औषधाच्या दुकानात ही पोर प्रत्येक बाटली उघडण्याआधी नाव पुन्हा वाचते, घरी मिठाचा डबासुद्धा वाचून उघडते. बाटल्यांची अदलाबदल केली असं तिला कोणी म्हटलं असतं तर तिने त्याला उभा चिरला असता. आणि आज ती बापासाठी आपल्या तोंडाने ते म्हणत होती, मान खाली घालून.

"असं होतं पोरी," मास्तर समजूत घालत म्हणाले. "बाटल्या सारख्याच दिसतात. तुला सवय नाही ना."

"तिला सवय नाही?" अण्णा ताडकन उठले. "तिचं काही चुकलेलं नाही. मला वास येत नाही!"

मास्तर विचारात पडले. मग त्यांनी पुन्हा ग्लास हुंगला. "खरं आहे हो. पहिल्यांदा नाही येत. थोडं थांबलं की येतो."

"दबलेला आहे," कॅशियर गंभीरपणे म्हणाले. "तुम्ही म्हणाल्यावर लक्षात आलं."

"अहो, व्हिस्कीला नव्हे! माझं नाक गेलंय! त्या तापापासून. उद्या या खोलीत गॅस गळला तरी मला कळणार नाही. हे केळं, तो समुद्र, सगळं हिचं. ही हुंगते, मी बोलतो. आज भिंगांची खूण ठरवली होती, तीही कुठे चुकली देव जाणे."

"भिंगांची?" साहेब चुळबुळले. "ती झाकणं होय? तुम्ही आत होता ना, तेव्हा मी त्यातून बाटलीवरचं बारीक वाचलं. एकातून झकास दिसलं. दुसऱ्यातून अगदीच मुंगीएवढं. मग ठेवून दिली परत." ते थांबले. "बहुतेक उलटी."

लेकीने कपाळावर हात मारला. साहेब मात्र अण्णांकडे वेगळ्याच नजरेने बघत होते. "हयात गेली माझी बॅगा उघडण्यात," ते म्हणाले. "पण असा चोरकप्पा नाही पाहिला."

मास्तरांना हसू आलं नाही. ते उठून उभे राहिले. चेहरा पडला होता.

"म्हणजे परवा जुन्या कपाटाचा वास सांगितलात, तो शोधत मी रात्री अंथरुणात जागा होतो. तोही तुमचा नव्हता?"

"नव्हता."

"आम्हाला सांगायचं नाही?"

"भीती वाटली," अण्णा म्हणाले. "नाक गेलं तर तुम्ही कशाला याल? मला गुरुवारशिवाय काही नाही, मास्तर. बसा."

मास्तर बसले नाहीत. टेबलाशी गेले, चिकटपट्टीवाला ग्लास उचलला, त्याच्याकडे रागाने बघितलं.

"मग आता वास सांगायचा कोणी?"

"तुम्ही सांगा," अण्णा म्हणाले.

मास्तर बावरले. इतक्या गुरुवारांत त्यांना हे कोणी विचारलंच नव्हतं. त्यांनी भीत भीत नाक पुढे केलं. "ओल्या लोकरीवर... गरम इस्त्री फिरवली की येते ना, ती वाफ. आणि त्यात कोणीतरी साखर सांडलेली."

"काहीतरीच!" कॅशियरांनी ग्लास ओढून घेतला. "इस्त्री कुठली? नोटांच्या बंडलाला ताणून बसलेलं जुनं रबर आहे हे. उन्हात वितळलेलं."

"द्या इकडे," साहेब म्हणाले. "हां. परदेशातून चोरून आणलेली फळं. तळाशी, मोज्यांत गुंडाळलेली."

"मोजे नाहीत! लोकर आहे!" मास्तर ओरडले.

"मोजे लोकरीचेच असतात!"

"मला विचाराल तर खोकल्याचं औषध," लेक म्हणाली, आणि तिघं एकदम तिच्यावर उलटले की जी पीतच नाही तिने मध्ये बोलू नये. मास्तर आता बसले होते, पण खुर्चीच्या अगदी टोकावर, भांडायला बरं पडावं म्हणून.

अण्णांनी घसा खाकरला. "माझ्या मते, तुम्ही तिघंही—"

"अण्णा, तुम्ही जरा थांबा हो," मास्तर मागे न बघता म्हणाले. "तुम्हाला वास तरी येतो का?"

स्वतःच्या घरात, स्वतःच्या बैठकीत, कोट घालून बसलेल्या अण्णांना आजवर असं कोणी गप्प केलं नव्हतं. त्यांना राग आला, तो हसू फुटायच्या आत मावळलाही. तिकडे रबर आणि लोकर यांची पुन्हा जुंपली होती. कोणी घड्याळाकडे बघत नव्हतं, कोणाचे गुडघे दुखत नव्हते. अण्णांनी हळूच बाटली जवळ ओढली आणि आपल्या ग्लासात थोडी ओतून घेतली. तोंडात काही कळलं नाही, पण घशातून ऊब उतरली, तेवढी त्यांना पुरली.