अब्रेहेतने धुतलेला पिवळा कॅन

मी एक जुना पिवळा कॅन आहे, वीस लिटरचा. मित्रांनो, नाक धरूनच माझी गोष्ट ऐका. माझ्या पोटात अजून घाण वास आहे आणि तो माझा नाही.

कारखान्यातून निघालो तेव्हा माझ्यात गोडं तेल होतं. मदतीच्या ट्रकमधून मी एरिट्रियाच्या वाळवंटातल्या एका लष्करी ठाण्यावर आलो. लढाई कित्येक वर्षं चालली होती. तेल संपल्यावर अब्रेहेत नावाच्या सैनिक मुलीने मला राखेने आणि गरम पाण्याने सात वेळा धुतलं, वास घेतला आणि म्हणाली, "आता आलास माणसांत!" मग तिने मला गोणपाटाचा अंगरखा शिवला. तो भिजवला की माझ्यातलं पाणी गार राहायचं. सगळं ठाणं माझं कौतुक करी आणि मी अभिमानाने फुगून जाई.

पाणी वाटायचं काम हबतोमकडे होतं. त्याचा जीव अब्रेहेतवर, आणि तिचा झेरायवर. झेराय टेहळणीवर जाणारा, उंचापुरा, बोलघेवडा. हबतोम तिच्या पेल्यात चार थेंब जास्त टाकायचा आणि ती ते त्याच्यादेखत झेरायच्या पेल्यात ओतायची. हबतोम तेव्हा हसायचा, पण मागाहून माझं झाकण असं आवळायचा की मान पिरगळल्यासारखं वाटे.

एकदा झेरायला तीन दिवसांच्या टेहळणीवर जायचं होतं. वाटेत विहीर नव्हती. तो जे पाणी नेणार होता ते माझ्यातलंच. हबतोमने मला भरलं, ट्रकच्या आडोशाला नेलं आणि वर वाटीभर डिझेल ओतलं. शी! ओरडावं तर माझं तोंड त्याच्याच मुठीत होतं.

पण हबतोम शहरात वाढलेला. अब्रेहेतच्या डोंगराकडची रीत त्याला ठाऊक नव्हती. तिकडे जो दूर निघतो, त्याच्याच पाण्यातून आधी सगळ्यांसाठी कॉफी करतात. अब्रेहेतने झाकण उघडलं आणि तिचा चेहरा उतरला. तिने त्याच पाण्याची कॉफी उकळली आणि पहिला पेला हबतोमपुढे धरला.

"घे रे, आज पहिला मान तुझा."

"नको गं. पोट बिघडलंय माझं."

"कॉफीला कधी नाही म्हणाला नाहीस. घोटभर तरी घे."

त्याचा हात पुढे आलाच नाही. सगळे काय ते समजले.

मला वाटलं, झेराय आता त्याची गचांडी धरेल. तो तर मांडीवर थाप मारून हसला. "बघितलंस, अब्रेहेत? तुझ्यापायी हा माझ्या जिवावर उठला! तुझी किंमत काय कमी आहे होय?"

"किंमत लावायला मी बकरी आहे का रे?" ती म्हणाली. नासक्या मांसाकडे बघावं तसं तिने दोघांकडे बघितलं.

ठाण्याचा प्रमुख गेब्राय म्हणाला, "माणसं मोजकी आहेत, हबतोमला घालवून चालायचं नाही. भांडणाचं मूळ तू आहेस, बाई. उद्या दुसऱ्या ठाण्यावर जा."

"दादा, डिझेल मी ओतलं का?"

गेब्रायने तिच्या बदलीचा कागद लिहायला घेतला.

जाण्यापूर्वी तिने मला पुन्हा राखेने सात वेळा धुतलं. वास गेला नाही. "तुझा दोष नाही रे," एवढंच म्हणाली आणि ट्रकमध्ये चढली. मला कचऱ्याच्या ढिगावर टाकलं.

झेराय दुसरा कॅन घेऊन गेला आणि सुखरूप परतला. मी ढिगावरून बघत होतो. तो आणि हबतोम एकाच ताटात जेवायला बसले. हबतोमने इंजेरा भाकरीचा घास करून आपल्या हाताने झेरायला भरवला, त्याच हाताने! "सोड रे," झेराय तोंड भरून म्हणाला, "बाईपायी भाऊ तोडायचे का?" इतकी किळस मला त्या डिझेलचीही आली नव्हती.

आता बकऱ्या येतात, मला हुंगतात आणि निघून जातात. हबतोम अजून पाणी वाटतो आहे. मित्रांनो, पाण्याची भांडी जिवापाड जपा. आणि एखादं भांडं नासलं, तर ते फेकण्याआधी एवढं विचारा, की त्यात ओतलं कुणी?