एका शाईतली पाच माणसं

"ह्यो घोड्याचा नाल कुणाचा?" अप्पांनी विचारलं.

जर्मनीत, बॉनमधल्या त्या फ्लॅटमध्ये जेवणाच्या टेबलावर ऋचाने एका जुन्या यादीच्या बारा मोठ्या रंगीत छायाप्रती ओळीने मांडल्या होत्या. कागदांवर जुन्या वळणाची इंग्रजी नावं होती आणि नावांपुढे बारीक चित्रं. विळा, शिडी, किल्ली, चाक.

"तो हम्फ्री. लोहार होता," ऋचा म्हणाली. "माझ्या थीसिसचं तिसरं प्रकरण त्याच्यावरच उभं आहे."

"म्हंजी आपल्या अंगठ्यावानी?"

"गेनाऊ, अगदी तसंच. लिहिता येत नाही, म्हणून खूण."

अप्पा म्हणजे तिचे सासरे, सोपान जगदाळे. माणदेशातल्या एका ग्रामपंचायतीत तीस वर्षं शिपाई होते. मुलाकडे, मल्हारकडे, तीन महिन्यांसाठी आले होते. समोर लसणाची वाटी होती. सून अभ्यास करायची आणि सासरे लसूण सोलायचे.

"कशाला घेतल्या खुणा?"

"सोळाशे बेचाळीस साल, अप्पा. इंग्लंडात राजाचं आणि पार्लमेंटचं बिनसलं होतं. सहा-सात महिन्यांत युद्ध पेटलं. त्याआधी पार्लमेंटने हुकूम काढला, की अठरा वर्षांवरच्या प्रत्येक पुरुषाने शपथ घ्यायची. आपला प्रोटेस्टंट धर्म, राजा आणि पार्लमेंट, सगळ्यांचं रक्षण करीन म्हणून. आणि यादी लंडनला पाठवायची."

"न्हाई घेतली मंग?"

"तर तो कॅथलिक. पोपचा माणूस. त्याचं नाव वेगळं कळवायचं."

"आन ह्यो लोहार?"

"तो कॅथलिकच होता. चर्चला येत नाही म्हणून आदल्या वर्षी दंड झालेला. तरी आला. या गावातले त्रेसष्टच्या त्रेसष्ट पुरुष आले. माझं म्हणणं असं, की ते भीतीने नाही आले. पंथ वेगळा असला तरी शेजाऱ्याला एकटं पाडायचं नाही, म्हणून आले."

तिच्या प्राध्यापक बाईंना हे म्हणणं फार आवडलं होतं. गुरुवारी कोलोक्विउम होतं, म्हणजे विभागातल्या सगळ्यांसमोर हे प्रकरण मांडायचं. त्यानंतर तिच्या स्टिपेंडियमची, म्हणजे शिष्यवृत्तीची, मुदत वाढवायची की नाही, हे ठरणार होतं.

अप्पांनी चष्मा लावला. पहिल्या कागदापासून बाराव्यापर्यंत ते टेबलाभोवती सावकाश फिरले. मग परत आले आणि लसूण सोलायला बसले.

"काय झालं?" ऋचाने विचारलं.

"कुटं काय."

त्यांना जे दिसलं होतं ते सांगायला सोपं होतं. ते कसं ओळखलं, हे सांगणं अवघड होतं. रविवार गेला, सोमवार गेला. ऋचा आरशासमोर उभी राहून जर्मनमधून भाषण पाठ करत होती. त्यात हम्फ्रीचं नाव सारखं यायचं.

मंगळवारी सकाळी मल्हार घरूनच काम करत होता. कॉफी घ्यायला तो स्वयंपाकघरात आला, तेव्हा अप्पा टेबलाशी उभे होते.

"सूनबाई, जरा हितं ये. ह्या समद्या खुणा एकाच मानसानं केल्यात."

ऋचा हसली. "अप्पा, प्रत्येक खूण वेगळी आहे. बघा ना."

"चित्रं येगळी हायेत. शाई बघ. ह्यो विळा गडद. त्येच्या म्होरं पुसट, आजून पुसट. पाचवं तर दिसतबी न्हाई. मंग परत गडद. टाक एकदा बुडीवला की पाच मानसं. शेवटापातुर तसंच हाय."

"रांगेत उभे असतील. एकाने दुसऱ्याच्या हातात टाक दिला असेल."

"आडानी मानूस टाक धरतो तवा आदी दाबतो. कागद फाटंस्तवर दाबतो. म्या तिरेचाळिसाव्या वर्सी, रातच्या वर्गात धरलाय, मला ठावं हाय. ह्यातली एक तरी दाबल्याली खूण दाव मला."

ऋचाने भिंग आणलं. ती एकेक खूण पाहत गेली. तिसऱ्या कागदानंतर तिने खुर्ची ओढली.

"बाईंनी पाहिलंय हे. दोन वर्षं मी पाहतेय."

"तुमी शिकल्याली मानसं. तुमी कवा अंगठा दिलाय?"

"पण अप्पा, तुमच्या लक्षात इतकं पटकन कसं आलं?"

अप्पांनी मल्हारकडे पाहिलं. मग कागदांकडे बघत बोलले.

"अठ्ठ्याऐंशी साली गायरान खडीच्या क्रशरला द्यायचा ठराव हुता. ग्रामसभेला अकरा मानसं आली. ग्रामसेवक म्हनला, सोपाना, गावात फिरून अंगठे घिऊन ये. निम्मं गाव ऊसतोडीला गेल्यालं. म्या रजिस्टर घिऊन हिरीवर जाऊन बसलो. हाताची दहा बोटं, वर पायाचे दोन अंगठे. कुठं आडवा लावला, कुठं पुसला. शाईच्या पॅडवर एकदा बोट टेकलं की तीन-चार मानसं निघायची. समद्यांचे अंगठे म्याच दिले."

"तात्यांचाही?" मल्हारने विचारलं.

तात्या म्हणजे अप्पांचे थोरले भाऊ. गायरानावर शेरडं चारायचे. ठरावाला त्यांनी चावडीत उभं राहून विरोध केला होता.

"व्हय. त्येचाबी."

"त्यांना कळलं नाही?"

"पुढं ठरावाची नक्कल निगाली. मला म्हनला, माज्या नावाम्होरं अंगठा कुनाचा? म्या म्हनलं, तुजाच आसंल, प्याल्यावर दिला आसशील." अप्पांनी चष्मा काढला. "त्येला खरं वाटलं."

मल्हारला विहिरीत पोहायला तात्यांनीच शिकवलं होतं. शेरडं विकल्यावर तात्या त्याच क्रशरवर दगड फोडायला गेले, हे त्याला आठवत होतं. त्याने कॉफीचा कप सिंकमध्ये ओतला, विसळला आणि खोलीत जाऊन दार लावून घेतलं. बाहेर आला तो दुपारी, आणि ऋचाशीच बोलला.

त्यानंतरचे दोन दिवस तो अप्पांना वेळेवर गोळ्या देत होता. हीटर वाढवू का, एवढंच विचारत होता.

ऋचाने बुधवारभर प्रत्येक खूण मोठी करून तपासली. संध्याकाळी तिने भाषणाची सोळा पानं बाजूला ठेवली आणि चारच नवी लिहिली.

गुरुवारी ती चार वाजता परतली. अंगातला कोट न काढताच अप्पांसमोर बसली.

"सांगितलं. म्हटलं, माझं तिसरं प्रकरण चुकलंय. हम्फ्री बहुतेक आलाच नव्हता. यादी वेळेत पाठवायची म्हणून गावच्या कारकुनाने बसून सगळ्या खुणा काढल्या असाव्यात."

"मंग?"

"बाई म्हणाल्या, नव्याने लिही. स्टिपेंडियमचं पुढच्या महिन्यात ठरेल. बघू आता." तिने रुमालाने चष्मा पुसला. "शाईचं कुणी दाखवलं, असं एकाने विचारलं. म्हटलं, माझे सासरे, ग्रामपंचायतीत होते. एवढंच सांगितलं."

अप्पांनी मान हलवली. थोड्या वेळाने म्हणाले, "त्या लोहाराला कळलं आसंल का गं, आपलं नाव यादीत हाय म्हनून?"

"कोण जाणे. कळलं असेल तर आसपासच्या गावांतल्या कॅथलिकांनी त्याला फितूर म्हटलं असेल."

"त्येच्या बायकुला?"

ऋचाने टेबलावरच्या कागदांकडे पाहिलं. कुठल्याच कागदात तिचं नाव नव्हतं.

अप्पा उठून मल्हारच्या दाराशी गेले. दार वाजवलं.

"तात्याच्या घरी, तुज्या काकीला फोन लावून दे."

मल्हारने बापाकडे पाहिलं. मग फोन लावून दिला आणि तिथेच चौकटीला टेकून उभा राहिला. अप्पा पलंगाच्या कडेवर बसले. गावाकडे तेव्हा रात्र झाली होती. फोनमधून शेजारचं भजन ऐकू येत होतं.

"वैनी, सोपान बोलतोय."

"बोला की भावजी. परत कवा येताय? थंडी सोसती का?"

"सोसती. वैनी, गायरानाच्या ठरावावर दादाचा अंगठा हुता न्हवं? त्यो त्येनं दिला न्हवता. म्या दिला हुता. मला इचारलं तवा खोटं बोल्लो."

पलीकडे दार लोटल्याचा आवाज आला, भजन बारीक झालं.

"त्याच सालात त्येनी दारू सोडली," वहिनी म्हणाल्या. "म्हनले, शुद्ध न्हवती म्हनून गावाचं रान माज्या हातनं गेलं. मरस्तवर म्हनत हुते. चावडीवरनं जायचे न्हाईत, पांदीनं फिरून यायचे."

"व्हय. म्या बघितलंय."

"बघितलंय तुमी."

 मग म्हणाल्या, "थांबा. फोन ठिवू नका."

पितळेचं भांडं बाजूला सारल्याचा आवाज आला. पावलं दूर गेली. मागच्या भिंतीवर दाराच्या वर तात्यांचा फोटो होता, हार घातलेला. तो कुठे आहे, हे अप्पांना आणि मल्हारला दोघांनाही ठाऊक होतं. वहिनींचा आवाज लांबून आला, पण स्पष्ट आला. नवऱ्याशी बोलताना त्यांचा आवाज नेहमीच जरा खालचा असायचा, तसाच.

"अवं, आयकलं का? त्यो अंगठा तुमचा न्हवता."

अप्पा पलंगावरून उठले आणि फोन कानाला धरून सरळ उभे राहिले. वहिनी परत फोनवर येईपर्यंत ते तसेच उभे होते.